कोपऱ्यातले हिरवे आकडे

मी जळते. लपवून काय करायचं? ऑफिसात शेजारच्या टेबलावरची मुलगी नवीन केस कापून आली तरी मला दुपारचा डबा गोड लागत नाही. आई म्हणते, आकांक्षा, तुझ्या पोटात कायम शेगडी पेटलेली असते. असेल. मग दीपेशसारखा मुलगा माझ्या वाट्याला येतो आणि त्याच्या आयुष्यात रुचिका नावाची मुलगी लंगोटीतल्या वयापासून हजर असते, तेव्हा मी काय तिची आरती ओवाळू?

दीपेश शिवडी कोळीवाड्यातला. लोअर परळच्या आमच्या ऑफिसात कॉम्प्युटर बसवायला आला होता, आणि जाताना मला खेळाचं वेड लावून गेला. माझ्यासाठी त्याने जुन्या सामानातून एक मशीन उभं केलं. लालबागच्या आमच्या खोलीत ते टीव्हीच्या शेजारी, देव्हाऱ्याच्या खाली बसतं. संध्याकाळी मी ऑफिसातून आले की कानाला हेडफोन लावते, तो तिकडे लावतो, आणि आम्ही दोघं एका टीममधून लढतो. त्याची स्क्रीन मला दिसते, माझी त्याला. चाळीत प्रेम करायला दुसरी जागा आहे कुठे? आमचं सगळं बोलणं गोळ्या चुकवता चुकवता झालं.

दीपेशची एक सवय आहे. खेळताना स्क्रीनच्या डाव्या कोपऱ्यात तो मशीनचे आकडे लावून ठेवतो. सेकंदाला किती चित्रं पडतायत, प्रोसेसर किती राबतोय, ग्राफिक्स कार्ड किती तापलंय, सगळं हिरव्या अक्षरांत, क्षणाक्षणाला बदलणारं. मला आधी वाटलं, खेळायचं सोडून हा काय पेशंटच्या उशाशी बसल्यासारखा बसतो! नंतर मीही शत्रूकडे कमी आणि त्या कोपऱ्याकडे जास्त बघायला लागले.

कारण त्या आकड्यांत त्याचं घर दिसायचं. त्याचं मशीन खोलीच्या कोपऱ्यात, ओट्याला लागूनच. त्याची आई, गुणवंतीमावशी, मासे तळायला बसली की कार्डाचं तापमान ऐंशीवर जायचं. भाकऱ्या सुरू झाल्या की त्र्याऐंशी. मग चित्र अडखळायचं, आणि नेमकं मला चौघांनी घेरलेलं असताना दीपेश नाक्यावरच्या पुतळ्यासारखा उभा. मी ओरडायचे, "मेलास का रे?" तो म्हणायचा, "आईला सांग, भाकऱ्या उशिरा टाक म्हणून." मी त्याच्या घरी कधी गेले नव्हते, पण तिथे जेवण कधी शिजतं हे मला पाठ होतं.

आता रुचिका. ती त्यांच्याच गल्लीतली. शिकली, मोठ्या कंपनीत लागली, आणि लोअर परळच्या टॉवरमध्ये राहायला गेली. घरात एसी, खिडकीतून अर्धी मुंबई. तिलाही खेळायचा शौक, आणि तिचं मशीन कोणी जोडून दिलं? दीपेशने. कार्डसुद्धा स्वतःसारखंच निवडलं. "दोन्ही मशीन जुळी आहेत," असं मला अभिमानाने सांगितलं त्या बैलाने. त्या दिवशी मी रागाच्या भरात सलग तीन डाव हरले.

एवढ्यावर मी गप्प होते, कारण रविवार ठरला होता. दीपेश आणि त्याची आई आमच्याकडे बोलणी करायला येणार होते. बाबांना हे मान्य नव्हतं. आम्ही कोकणातले, ते कोळी. शिवाय गिरगावातल्या अमित नावाच्या बँकेतल्या मुलाचं स्थळ बाबांच्या खिशात तयार होतं. मी जेवण सोडलं, अबोला धरला, आईला मध्ये घातलं, तेव्हा कुठे बाबा म्हणाले, "एकदा येऊ देत. एकदाच. मग मी काय ते बोलेन." म्हणजे तो एक रविवार हातचा गेला की पुढे अमित, गिरगाव आणि सासूबाईंची भजनी मंडळं.

त्याच आठवड्यात, बुधवारी, आम्ही खेळायला बसलो आणि मी कोपऱ्यात पाहिलं. तापमान एकोणसत्तर.

मला वाटलं, आत्ता सुरू केलंय, चढेल. डाव रंगला, धूर झाला, इमारती कोसळल्या. सत्तर. परत एकोणसत्तर. चित्र लोण्यासारखं पळत होतं.

"दीपेश, कुठे आहेस तू?"

"घरी. का ग?"

"मावशींनी आज जेवण नाही केलं?"

"करतेय ना. बोंबील तळतेय. वास आला काय तिथपर्यंत?" तो हसला.

"मग तुझं कार्ड थंड कसं?"

"पेस्ट बदलली ना परवा! सांगितलं नव्हतं तुला? बघ, काय मक्खन चाललंय."

कार्ड थंड राहावं म्हणून लावायची ती पेस्ट मलाही माहीत आहे. ऑफिसात बसून मी त्याबद्दल मिळेल ते वाचून काढलं. पेस्टने चार-पाच अंश उतरतात. चौदा नाही. शेजारी तेलाची कढई असताना तर नाहीच नाही. चौदा अंश उतरायला एसीची खोली लागते. आणि तेच कार्ड असलेली एसीची खोली अख्ख्या मुंबईत मला एकच माहीत होती.

गुरुवारी मी मुद्दाम बोलले नाही, नुसती बघत राहिले. अडुसष्ट. माझ्या स्वतःच्या डोक्याचं तापमान कोणी कोपऱ्यात लावलं असतं तर स्क्रीन फुटली असती. आणि तेवढ्यात हेडफोनमधून बाईचा आवाज आला, अगदी जवळून. "दीप्या, चहा घेणार का रे?"

लगेच त्याचा माइक बंद. परत सुरू झाला तेव्हा मी विचारलं, "कोण होतं?"

"आई."

त्याची आई त्याला 'दीप्या' म्हणत नाही, 'बाला' म्हणते. एवढ्या संध्याकाळी मी काय कानात बोळे घालून काढल्यात? आवाज तरुण होता, टॉवरमध्ये राहणारा होता, आणि चहा विचारत होता. चहा! म्हणजे तिथे याला पाहुण्यासारखं नाही, घरच्यासारखं वागवतात. मी हेडफोन काढून गादीवर फेकला. मग फोन घेतला आणि लिहिलं, रविवारी येऊ नकोस. कधीच येऊ नकोस. तिचा एसी तुला लखलाभ.

त्याचे फोन आले, मी उचलले नाहीत. आई-बाबांना काही सांगितलं नाही. बाबा सकाळी पेपर वाचता वाचता "रविवारी पोहे करायचे की कसं?" असं विचारत होते, आणि मी माझा चहा तसाच मोरीत ओतून दिला. हरले असते तरी चाललं असतं, पण रुचिकाकडून हरायचं?

शुक्रवारी ऑफिसातून निघताना फोनवर पाहिलं तर दीपेश खेळात ऑनलाइन दिसत होता. वा! इथे माझं लग्न मोडतंय आणि हा गडी मजेत खेळतोय. कुठे बसून, तेही कळत होतं. पण नुसतं कळून माझं समाधान होत नाही, मला बघायला लागतं. मी ठरवलं, कोळीवाड्यात जायचं. तो घरी नसला, की पुरावा हातात. मग त्याच्या आईसमोरच सोक्षमोक्ष लावायचा. टॅक्सी केली आणि शिवडीला उतरले. देवळामागची गल्ली त्याने सांगितलेली आठवत होती. जाळी विणत बसलेल्या एका म्हाताऱ्याने दार दाखवलं.

दार उघडंच होतं. आत ओट्याशी एक बाई भाकरी थापत होती. नऊवारी, हातभर बांगड्या, कपाळावर घामाची धार. दीपेश नव्हता.

मला आनंद झाला. खरंच झाला. माझं बरोबर निघालं!

"मावशी, दीपेश कुठाय?" मी दारातूनच विचारलं.

तिने मान वर केली, माझ्याकडे नीट पाहिलं आणि हसली. "तू ती गोळ्या मारणारी ना? आवाजावरनं वळखली, त्याच्या कानातल्या यंत्रातनं भायेर येतो तुजा आवाज. रोज माज्या पोराला मेलास का, मेलास का करते ती. ये, आत ये, बाय."

मला चप्पल काढावी लागली. आत भट्टी होती. वर पंखा नुसता फिरायचा म्हणून फिरत होता. माझी पाठ दोन मिनिटांत भिजली. आणि समोर, कोपऱ्यात, दीपेशचं मशीन चालू होतं. खेळ अर्ध्यावर थांबवलेला, शिपाई दारूगोळ्याच्या पेट्यांमागे दबा धरून बसलेला, इंजिन मात्र सुरूच. डाव्या बाजूला हिरवे आकडे.

सदुसष्ट.

मी तव्याकडे पाहिलं. परत आकड्याकडे पाहिलं. भिंतींवर एसी शोधला. भिंतीवर दीपेशच्या वडिलांचा, रामचंद्रकाकांचा हार घातलेला फोटो होता आणि होडीच्या चित्राचं कॅलेंडर होतं. एसी नव्हता.

"हे थंड कसं?" माझ्या तोंडून निघून गेलं.

"काय थंड?"

"मशीन. एवढ्या उकाड्यात?"

"मला काय ठाव त्यातलं? तो बोलतो, पेस लावली." तिने भाकरी उलटली. "सर जरा, पाय लागंल तुजा. म्हावऱ्याला लागंल."

मी खाली पाहिलं. टेबलाखाली, मशीनच्या पंख्यांच्या अगदी तोंडाशी, थर्मोकोलचा मोठा खोका होता. झाकण नव्हतं, नुसतं ओलं गोणपाट टाकलेलं. मशीन पुढून हवा ओढून घेत होतं, आणि ती हवा त्या ओल्या गोणपाटावरून येत होती. मी हात धरला. बोटं गार पडली. ज्याने मशीनवर पेस्ट लावली त्या इंजिनिअरला आपल्या पायाशी कसला गारवा आहे ते कळलं नव्हतं. त्याला घरातलं कधीच काही दिसत नाही, हे मला आता लग्नाआधीच कळलं, हे बरं झालं.

मावशी हात पुसत आली, खाली बसली आणि तिने गोणपाट बाजूला केलं. बर्फाच्या चुऱ्यात दोन पापलेटं होती. एवढी मोठी मी बाजारात कधी पाहिली नव्हती. शेपट्या खोक्याच्या बाहेर आल्या होत्या, म्हणून झाकण बसत नव्हतं.

"बुधवारी धक्क्यावर मिळाली," ती म्हणाली. "असली जोडी वर्साला एकदा येते. विकायच्या टोपलीत टाकलीच नाय मी. फ्रिजात म्हावरा सुकतो, बर्फ बदलत राहिलं की पाच दिवस हालत नाय. आमी कुणाच्या दारात पयल्यांदा जातो ते रिकाम्या हातानं नाय जात. तुज्या बापाला पापलेट चालतं ना?"

मी मान हलवली. बोलायला गेले असते तर रडले असते, आणि त्या बाईसमोर मला रडायचं नव्हतं.

"काल इथे कोण आलं होतं?" मी तरीही विचारलं. सुंभ जळला होता, पीळ होताच.

"काल? रुचिका आलती. टॉवरवरची. बाजाराला आली की चहा पिऊन जाते माज्याकडं. तो बोलला मला, तुला तिचं नाव नाय सांगायचं, तू पेटते म्हणून."

"आणि तो आत्ता कुठाय?"

"तुज्याच चाळीखाली जाऊन उभा असंल. मशीनपन बंद नाय केलं, तसाच पलाला."

मी फोन लावला. अर्धी रिंग व्हायच्या आत त्याने उचलला.

"कुठे आहेस?"

"तुझ्या चाळीखाली. वर येऊ का नको, तेवढं सांग. तुझे बाबा गॅलरीतून बघतायत."

"मी तुझ्या घरी आहे."

"कुठे? माझ्या घरी?"

"पेस्टने काही झालेलं नाही, बैला," मी म्हणाले. "घरी ये." आणि फोन ठेवला.

मावशी बर्फाचा नवा तुकडा फडक्यात गुंडाळून लाटण्याने ठोकत होती. मला अचानक आठवलं, मी लिहिलेलं हिला ठाऊक नसणार. ही बिचारी अजून रविवारची तयारी करतेय. आता हे कुणीतरी सांगायला हवं होतं, आणि ते मीच.

"मावशी, मी त्याला काल... रविवारी येऊ नका म्हणून..."

"ठाव हाय." तिने ठोकणं थांबवलं नाही. "काल रातीच बोलला. जेवला नाय. मला बोलला, आये, देऊन टाक ती पापलेटं कुणाला. मी बोलली, रविवार अजून आला कुठं? तवर बर्फ टाकीत राहते."

मग मी खाली बसले. तिने फोडलेला बर्फ मी ओंजळीत घेतला आणि पापलेटांच्या कल्ल्यांशी, पोटाशी, शेपट्यांशी भरत गेले. हात बधिर झाले. वर कोपऱ्यात आकडा एकाने उतरला.

"काल रुचिकानं हीच जोडी मागितली," मावशी मागून म्हणाली. "दोनदा मागितली. तिच्याकडं पावने येणार हाईत."

माझा हात थांबला. "मग?"

"मी बोलली, नाय. ही आमच्या सुनेच्या घरची."

पोटातली शेगडी जरा निवली. पुरती नाही, ती काही विझायची नाही. मी गोणपाट उचललं, पाण्यात पिळलं, आणि खोक्याच्या चारही बाजूंनी दाबून घट्ट खोचलं.

"मावशी, ती परत आली ना," मी म्हणाले, "तर हे उघडूच नका."