तेराव्याची हुग्गी

उमरग्याच्या अदालतीत अयोध्या नावाच्या विधवेचा दावा खारिज झाला आणि गावानं सुटकेचा निःश्वास टाकला. काय म्हणावं या गावाला! निजामाच्या राजवटीत हैदराबादच्या सडकेवर तेव्हा मोटारी मोजक्याच. त्यातलीच एक, वीरप्पा सावकाराची लॉरी, उतारावरून भलत्या बाजूनं आली आणि अयोध्याच्या नवऱ्याला, बलभीमला, बैलगाडीसकट चिरडून गेली. तेही दिवसाढवळ्या! अदालतीनं मात्र ठरवलं की गाडीवान झोपला होता, चूक त्याचीच. मग भरपाई कसली नि काय!

खरं काय ते एकट्या बिरू धनगरानं पाहिलं होतं. सडकेच्या कडेला तो मेंढरं चारत होता. बलभीम झोपला नव्हता. खाली उतरून, जू धरून, जिवाच्या आकांतानं बैल कडेला ओढत होता. पण अदालतीत बिरू म्हणाला, "सरकार, म्या पाठमोरा व्हतो. कायबी दिसलं न्हाय."

तुम्ही विचाराल, वीरप्पानं धमकावलं का? छे! त्यानं बलभीमच्या तेराव्याला गावजेवण घातलं. गव्हाची हुग्गी, म्हणजे गुळातली खीर, वर तूप. अख्खं गाव पोटभर जेवलं, बिरूही जेवला. आणि आपली रीत तुम्हाला ठाऊकच आहे : ज्याचं मीठ खाल्लं त्याच्यावर उलटायचं नाही. नमकहराम म्हणवून घेण्यापेक्षा माणूस जीव देईल. झालं! एका पंगतीत गावाची वाचा बसली.

दावा बुडाला तशी अयोध्या पोटासाठी वीरप्पाच्याच घरी दळणाला जाऊ लागली. वकील म्हणाले, "वरच्या अदालतीत अपील करता येईल. पण डोळ्यांनी पाहिलेला एक तरी माणूस उभा करा." अपिलाची मुदत सरत आली होती आणि माणूस काही उभा राहत नव्हता.

एका सकाळी शांतलिंग अय्या भिक्षेला बिरूच्या दारी आले. जंगम माणूस, घरोघर मागून खाणारे. बिरू सुपात ज्वारी घेऊन आला, तर अय्यांनी झोळी मागं घेतली.

"का वो अय्या? काय चुकलं आमचं?"

"बिरू, खरंच पाठमोरा व्हतास तू?"

बिरूनं मान खाली घातली. "अय्या, सावकाराचं मीठ खाल्लंय म्या."

"म्या तर समद्या गावाचं खातो! वीरप्पाचं खाल्लं, बलभीमचंबी खाल्लं. मंग म्या काय जन्मभर मुका ऱ्हाऊ? बरं, मला सांग, त्ये जेवान कुणाच्या नावानं व्हतं?"

"बलभीमच्या."

"मंग मीठ कुणाचं खाल्लंस रं?"

बिरूनं सूप उंबऱ्यावर ठेवलं. अरेरे! ज्याच्या नावानं जेवलो, त्यालाच झोपाळू ठरवून मोकळा झालो! तो तसाच निघाला आणि तडक वीरप्पाच्या वाड्यात गेला. अयोध्या पडवीत दळत होती.

"वैनी, अपील करा. म्या साक्ष देतो. दादा जागा व्हता, बैल वढत व्हता."

ओसरीवरून वीरप्पाचा आवाज आला, "बिरू, मेंढरं माझ्याच रानात बसवतूस नव्हं?"

"आता न्हाय बसवायचो, सावकार." बिरू म्हणाला.

त्याला वाटलं, अयोध्या आता रडेल, हात जोडेल. तिनं जात्याचा खुंटासुद्धा सोडला नाही.

"दे साक्ष. अपील करते म्या. पर भाऊ, ह्येच तवा बोलला असतास तर! माझी सासू गेली गेल्या म्हयन्यात. माझं लेकरू गाडीवर निजलं नसतं तर वाचलं असतं, असं म्हणत गेली. तिला आता कोण सांगणार?"

 पुढं बिरूनं साक्ष दिली, अपील मंजूर झालं, भरपाईचा हुकूमही निघाला. वीरप्पानं आणि त्याच्या भाऊबंदांनी बिरूच्या मेंढरांना रानबंदी केली, तीही त्यानं सोसली. पण म्हातारीचे शब्द त्याच्या मनातून कधी गेले नाहीत.

बंधूंनो, भगिनींनो, गप्प बसलो म्हणजे आपण कुणाच्याच बाजूचे नाही, असं आपल्याला वाटतं. साफ खोटं! डोळ्यांदेखत अन्याय पाहून जो गप्प बसतो, तो अन्याय करणाऱ्याचाच माणूस. म्हणून पाहिलं ते तेव्हाच बोला. अदालत चुकली तर वर अपील असतं. त्या म्हातारीपुढं बिरूनं कुठं अपील करावं?