मडक्यातलं मीठ

अंजूरच्या राहीबाईचं आणि तिच्या धाकट्या जावेचं, गुणाबाईचं, भांडण एका मांजराच्या आणि एका कुकरच्या मार्फत चालायचं. मानकोलीच्या रस्त्याला लागून असलेली जमीन गोदामवाल्याला गेली, त्यावरून राहीबाईचा चांगदेव आणि गुणाबाईचा पंढरी या सख्ख्या भावांचं फाटलं आणि घराच्या मधोमध भिंत उभी राहिली. स्वयंपाकघरात आल्यावर मात्र ती डोक्याएवढी होऊन थांबली, कारण वरच्या विटा कोणी आणायच्या यावरही दोघांचं जमलं नाही. नवरे एकमेकांना दिसेनासे झाले, पण बायकांना एकमेकींची फोडणी, खोकला आणि बोलणी सगळं जसंच्या तसं पोचत राहिलं. एकमेकींशी तोंड उघडायचं नाही, असं दोघींनी आपापलं ठरवलेलं. मग राहीबाई पायात घुटमळणाऱ्या मनीला सांगायची, "मने, काही लोकांचं वरण करपलं तरी टीव्ही बंद होत न्हाय गो."

पलीकडून गुणाबाई कुकरची समजूत घालायची. "तू मार बाबा शिट्टी. तुला वाफ आली की तू स्वतःच्या तोंडानं बोलतोस. इथं माणसं मांजराच्या तोंडानं बोलतात."

दोन वर्षं हे असं चाललं होतं आणि चालत राहिलंही असतं, पण मध्ये आंबील आली.

चैत्रात गावदेवीची जत्रा. जत्रेच्या सकाळी देवीपुढे आंबिलीचं पहिलं मडकं यायचं ते यांच्या घरातून, आणि ते डोक्यावर घेऊन जायची घराची थोरली सून. सासू गेली तेव्हा राहीबाईच्या वाट्याला पाटल्या आल्या नाहीत, त्या नणंदेला गेल्या. तिला आलं ते हे मडकं. बाहेरून काजळी धरलेलं, आतून नाचणीच्या रंगाचं झालेलं, कधी साबण न लागलेलं. पाटल्यांचं तिला दोन दिवस वाईट वाटलं. मडकं डोक्यावर घेऊन पहिल्यांदा देवळाकडे निघाली आणि वाटेवरच्या बायका उठून उभ्या राहिल्या, तेव्हा ती पाटल्या विसरून गेली. चांगदेवनं उभ्या जन्मात तिला कोणत्या गोष्टीत विचारलं नव्हतं, जमीन विकतानाही नाही. पण त्या एका सकाळी सगळं गाव तिच्यासाठी बाजूला सरकायचं.

यंदा गुणाबाईनं बायकांच्या बैठकीत तोंड उघडलं. घरं दोन झाली तर मान एकीलाच कसा, म्हणाली. बराच गलका झाला. शेवटी जुन्या बायकांनी ठरवलं, दोघींनी करा, देवळाच्या पायरीवर चाखू, जिची उतरेल तिचा मान. आणि दोघींची फसली तर? तर रामनाथची बायको ठकुबाई होतीच. ती खालच्या आळीची, गेली कित्येक वर्षं या मानावर डोळा ठेवून होती. ती नुसती हसली. ते हसणं राहीबाईला घरी येईपर्यंत टोचत राहिलं.

आता आंबील करणं ही काही मोठी विद्या नाही. नाचणीचं पीठ पाण्यात कालवायचं, आंबू द्यायचं, दुसऱ्या दिवशी लसूण-जिरं-मिरची ठेचून उकळत्या पाण्यात टाकायची, त्यात ते पीठ धार धरून ओतायचं आणि गुठळी होऊ न देता ढवळत राहायचं. तकाकी आली की उतरवायची, मीठ सगळ्यात शेवटी. घरात प्यायची असेल तर ताक ओतून कोणीही आंबट करतं. देवीच्या आंबिलीत मात्र ताक चालत नाही, नाचणीची स्वतःची आंबटी चढावी लागते. त्यातून देवीचं पीठ आदल्या दिवशी दिवेलागणीनंतरच भिजवायचं. एका रात्रीत कोरं पीठ आंबत नाही. त्याला मडक्यातलं जुनं आंबवण लागतं, होळीपासून रोज थोडं प्यायलेलं, थोडं ठेवलेलं. आणि ते आंबवण अख्ख्या अंजुरात या एकाच मडक्यात होतं.

म्हणजे गुणाबाई ते चोरायला येणार, हे राहीबाईला तिच्या तोंडाकडे न बघताही कळत होतं.

जत्रेच्या आदल्या दुपारी तिनं सगळं आंबवण अॅल्युमिनियमच्या टोपात काढलं आणि टोप आतल्या खोलीत तांदळाच्या पिंपामागे दडवला. तळाशी थोडं राहिलं त्यात पाणी, पीठ आणि खाडीकडच्या मिठागराचं खडेमीठ घातलं. दोन मुठी. मग अजून एक. मिठानं आंबणं मरतं हे तिला सासूनं शिकवलेलं, तेव्हा ते असं कामाला येईल असं त्या बिचारीला वाटलं नसेल. मडक्याच्या तोंडाला फडकं बांधून तिनं मोठ्यानं मनीला सांगितलं, "मने, मी भिवंडीला जाते गो. लसूण आणायची हाय, हार आणायचाय. मागचं दार लागत न्हाय नीट, बघ जरा."

भिंतीपलीकडे कुकरसुद्धा गप्प झाला.

रिक्षातून परत आली तेव्हा फडक्याची गाठ उलटी होती. गुणाबाई डावखुरी. राहीबाईनं गाठीकडे बघितलं आणि तिला इतकं बरं वाटलं, की तिनं मनीला अख्खा बोंबिल टाकला.

दिवेलागण झाली. तिनं नाचणीचं पीठ परातीत घेतलं, पदर खोचला आणि टोप आणायला आत गेली. टोप होता. घासलेला, लख्ख, पालथा.

"मृणाली."

सून बाहेर आली. कल्याणची मुलगी, लग्नाला वर्षही झालेलं नव्हतं. सासूच्या प्रत्येक शब्दाला मान डोलवायची, आणि दुर्दैवानं लक्षातही ठेवायची.

"यात होतं ते काय केलंस?"

"मडक्यात ओतलं, आई. शिंप्याकडून आले तर पिंपामागे दिसलं. तुम्हीच सांगितलं होतं ना, मडक्यातलं मडक्यात, दुसऱ्या भांड्यात थेंबसुद्धा ठेवायचा नाही. म्हटलं, तुम्ही कधी विसरत नाही, आज घाईत विसरलात."

राहीबाईनं टोप उचलून सुलटा केला. पोरीला रागवायचं तर काय केलं ते सांगावं लागलं असतं, तेही भिंतीच्या एवढ्या जवळ. "बरं केलंस," ती म्हणाली. एवढं कडू ती कधी काही बोललेली नव्हती.

मडक्यात बोट बुडवून चाटलं. समुद्र. तरी तिनं त्यातलंच थोडं घेतलं, पाणी वाढवलं, पीठ कालवलं, चुलीच्या उबेला ठेवलं आणि देवीला हात जोडले. देवीनं त्या हातांकडे काय नजरेनं बघितलं असेल, याचा विचार तिनं केला नाही.

पहाटे फडकं काढलं तर पीठ तळाशी मेल्यासारखं बसलेलं. बुडबुडा नाही, वास नाही. चव म्हणाल तर मिठाच्या पाण्यात कालवलेली माती. राहीबाई तिथंच पाटावर बसली. डोळ्यांपुढे ठकुबाई येत होती, डोक्यावर नवं कोरं पितळी भांडं, आणि वाटेवरच्या बायका उठून उभ्या राहतायत.

तेवढ्यात पलीकडून थुंकल्याचा आवाज आला. मग चूळ. मग पुन्हा थुंकल्याचा.

"कुकर," गुणाबाई म्हणाली, "काही बायकांच्या काळजात मीठ असतं हे मला ठाऊक होतं. मडक्यातसुद्धा असतं हे आज कळलं."

एरवी राहीबाईनं मनीला उत्तर दिलं असतं. चांगलं उत्तर तोंडाशी आलंही होतं, मागच्या दारानं येणाऱ्यांबद्दल. पण मनी कुठं तरी गेलेली, आणि बाहेर उजाडत होतं.

"गुने," ती म्हणाली.

दोन वर्षांत हे नाव भिंत ओलांडून गेलेलं नव्हतं.

"गुने, रात्रीचं ताक हाय का तुझ्याकडं?"

मग पाट ओढल्याचा आवाज, आणि भिंतीवर गुणाबाईचं डोकं वर आलं. केस विसकटलेले, डोळे लाल. तिनं राहीबाईकडे नाही, मडक्याकडे बघितलं. आत काय आहे ते तिला आंबटीचा वास नाही यावरूनच कळलं असावं. तिच्या तोंडावर हळूहळू जे पसरत गेलं, ते बघण्यापेक्षा राहीबाईला ठकुबाई परवडली असती.

"तुझी पण गेली."

"गेली."

"तूच घातलंस, आणि तुझीच गेली."

"सकाळी सकाळी हिशेब नको. ताक हाय की न्हाय?"

"म्हैस माझी हाय, ताक असणारच." गुणाबाईनं भिंतीवर कोपर टेकले, जसं काही दिवसभर तिथंच राहायचं होतं. "पण देवीच्या आंबिलीत ताक? बाय, तू मला नवी सून असताना चमचाभर ताकासाठी उंबऱ्यात उभी केली होतीस."

"घालतेस का मग ठकुबाईच्या ओटीत मान?"

हे नाव बरोबर लागलं. गुणाबाई खाली उतरली, आणि वर आली ती ताकाची कळशी घेऊनच. कळशी भिंतीवर ठेवली, पण हात काढला नाही.

"एका मडक्यापुरतंच हाय."

"ठाऊक हाय."

"तुझं मडकं, तुझी चूल. चालेल. पीठ माझं घे, जात्यावरचं हाय, गिरणीतलं तुझं कचकच लागतं." कळशीवरची बोटं अजून तशीच. "आणि मडकं माझ्या डोक्यावर जाईल."

राहीबाईनं पळी वर धरली. "पळी तू घे. वाढ तू सगळ्यांना."

"पळी तुला ठेव. मी मडकं म्हणाले."

बाहेर जत्रेच्या वाजंत्र्यांनी ढोल गरम करायला घेतला होता. राहीबाईनं कळशीकडे बघितलं, मडक्याकडे बघितलं. या मडक्याखाली ती चालत असताना तिची मान ताठ व्हायची, ती घरी परतली की पुन्हा वाकायची. वर्षातली ती एक ताठ मान आता ती ताकाच्या कळशीला देणार होती. आणि नाही दिली, तर पुढं कधीच नव्हती.

"घे," ती म्हणाली. "पण चुंबळ नीट कर. तुला न्हाय येत."

मग दोघींनी आंबील केली, भिंत मधे ठेवून. गुणाबाईनं वरून पीठ दिलं, लसूण ठेचून दिली, आणि राहीबाई ढवळताना वरून बघत बसली. "गुठळी झाली." "न्हाय झाली." "झाली, कडेला बघ." "तुझ्या डोळ्यांत हाय ती." मिठासाठी राहीबाईनं रात्रीच्या खाऱ्या पिठातलंच थोडं घातलं. ते टाकवेना तिला. ताक ओतलं, तकाकी आली. वास तर देवीलासुद्धा फसवेल असा आला.

वाटेत बायका उठून उभ्या राहिल्या. गुणाबाई पुढं, मडकं तिच्या डोक्यावर, मान इतकी ताठ की समोरचे दगडगोटे तिला दिसेनात. मागून राहीबाई पळी घेऊन चालत होती आणि दातांतून सांगत होती, "डावीकडं. खड्डा हाय. डावीकडं गो, तो उजवा झाला."

मृणाली दारात उभी राहून बघत होती. तिला वाटलं, सासूबाईंनी किती मोठं मन केलं.

पायरीवर ठकुबाई वाटी घेऊन सगळ्यांच्या आधी बसलेली. तिनं घोट घेतला, तोंडात फिरवला, गिळला. मग दुसरा.

"यंदा वेगळी लागते," ती म्हणाली. "ताक पडलंय का काय?"

बायकांच्या वाट्या हातातच राहिल्या. राहीबाईनं पळी उगाच मडक्यात फिरवली. देवीच्या समोर खोटं बोलावं लागणार होतं, आणि तिला बोलता येईना.

"ताक कुठलं?" गुणाबाई म्हणाली. आवाज असा, की सगळ्या पायऱ्यांवर पोचावा. "आमच्या बायचा हात मिठाला सढळ हाय. फार सढळ. म्हणून तुला तसं लागतं, ठकुबाई. मलासुद्धा पहाटे तसंच लागलं."

बायका हसल्या. राहीबाईही हसली, तिला हसावंच लागलं, आणि गुणाबाई तिच्या डोळ्यांत बघत राहिली, तिचं हसू पूर्ण होईपर्यंत. ऊन चढलं होतं. एकीनं दुसऱ्यांदा वाटी पुढं केली, मग सगळ्यांनीच केली. मान कोणाचा यावर जुन्या बायका म्हणाल्या, त्याच घरातला, कोणीही आणा. ठकुबाईनं तिसरी वाटी मागितली, पण चव कळायला म्हणून.

दुसऱ्या दिवशी गुणाबाई पुन्हा कुकरशी बोलायला लागली आणि राहीबाई मनीशी. जमिनीचं भांडण होतं तिथंच होतं, भिंतही तेवढीच. राहीबाईनं मडकं गरम पाण्यानं विसळलं, उन्हात ठेवलं, जिभेला मीठ लागेनासं होईपर्यंत पुन्हा पुन्हा विसळलं. मग कोरी नाचणी कालवली आणि वाट बघत राहिली. तिसऱ्या-चौथ्या दिवशी फडक्याखाली पहिला बुडबुडा आला.

तिनं एका वाटीत आंबवण काढलं. मातीच्या वाटीत. मनीला काही न सांगता भिंतीवर ठेवलं आणि भाकरी थापायला बसली, पाठ भिंतीकडे करून. पाट ओढल्याचा आवाज आला. राहीबाईनं न राहवून मान वळवली.

गुणाबाई वाटीकडे बघत होती. तिनं डाव्या हाताचं बोट आंबवणात बुडवलं आणि चाटलं. थोडं थांबली. पुन्हा बुडवलं, आणि या वेळी राहीबाईकडे बघत, सावकाश चाटलं.

मग वाटी उचलून खाली उतरली.

"कुकर," पलीकडून आवाज आला, "ही वाटी कोणाची हाय विचार. परत द्यायची हाय का ठेवून घेऊ?"

राहीबाईनं भाकरी तव्यावर टाकली आणि मनीला शोधायला लागली.