उलटा डोळा

राग यायलाही माणूस त्या लायकीचा लागतो, असं पंचफुलाचं मत होतं. म्हणून कुलदीपचा तिला राग येत नसे. सौंसरजवळच्या त्याच्या रोपवाटिकेत ती चौदा वर्षं संत्र्याची कलमं बांधत होती. जंभेरी लिंबाच्या खुंटाला चीर द्यायची, साल उकलून संत्र्याच्या फांदीवरून काढलेला डोळा आत सरकवायचा, वरून पट्टी आवळायची. शंभरातले नव्वद डोळे फुटायचेच. कुलदीपचे वडील यशवंतराव होते तोवर तेही तिच्यासोबत मातीत बसून बांधत.

ते गेले आणि मुलाने फाटकावर स्वतःचा फोटो लावला. खाली लिहिलं, ‘कलमतज्ज्ञ’. मग मोबाईलवर व्हिडिओ टाकू लागला. एकदा तिच्या गावी, रामाकोन्याला, घरी सुनेने, शीतलने, त्यातला एक तिला दाखवला. बांधणारे हात पंचफुलाचे, बोलणारं तोंड कुलदीपचं. शीतल चिडली. पंचफुला म्हणाली, त्या तोंडाला तेवढंच जमते, करू दे.

ते व्हिडिओ पाहून माघात पांढुर्ण्याच्या वरच्या पठारावरचे तीसेक शेतकरी गाडी करून आले. तिकडची जमीन बरड. हातभर मातीखाली दगड, आणि होळीच्या आधीच विहिरी तळ दाखवतात. एकेक झाड डोक्यावरून वाहून आणलेल्या पाण्याने जगवणारी ही माणसं. त्यांना एक कलम साहेबांच्याच हातचं पाहायचं होतं.

कुलदीपने चाकू हाती घेतला तेव्हाच पंचफुलाने तोंड फिरवलं. कांदा चिरायलाही कोणी तसा धरत नाही. चीर देऊन त्याने डोळा बसवला, पट्टी गुंडाळली. डोळ्याचं टोक जमिनीकडे. दामिनी नावाच्या एका तरुण बाईने विचारलं, डोळा खाली तोंड करून कसा?

“नवी पद्धत हाये,” कुलदीप म्हणाला. “पानी कमी लागते.”

आणि सगळ्यांनी ते वहीत लिहून घेतलं. जन्म मातीत गेला तरी यांना वर-खाली कळत नाही, पंचफुलाच्या मनात आलं. वाटलं, मरू दे, जाऊ दे लिहून. पण ही माणसं घरी जाऊन शेकड्याने डोळे उलटे बांधतील आणि न फुटणाऱ्या त्या कलमांनाही डोक्यावरून पाणी आणून घालत बसतील. ती उठली.

“डोळा उलटा बांधला तुमी, भाऊ.”

“पंचफुलाबाई, तुमी तुमचं काम करा.”

“तेच करून राहिली.”

तिने पट्टी कापली, त्याचा डोळा उपटून फेकला आणि दुसऱ्या खुंटावर नवा डोळा टोक वर करून बांधला. मग दामिनीला बसवलं आणि तिच्याकडून तीनदा बांधून घेतलं. बाकीच्यांना सांगितलं, वह्या ठेवा, हाताकडे पाहा.

गाडी गेल्यावर कुलदीपने तिला उद्यापासून येऊ नको म्हटलं. चाकू तिचा स्वतःचा होता, तो तिने पुसून घेतला आणि ती निघाली.

चार दिवसांनी दामिनीने तिला आपल्या गावी बोलावलं. तिथल्या बायकांनी मिळून खुंटं वाढवली होती. पंचफुला तिथेच मुक्कामी राहिली. इकडे कुलदीपने उरलेली चार हजार खुंटं भलत्यासलत्यांकडून बांधून घेतली. दहांत एकही डोळा फुटला नाही. होळी झाल्यावर त्याने शीतलकडून नंबर घेऊन फोन केला. उद्या गाडी पाठवतो म्हणाला.

“खुंटाची साल सुटून राहिली का?” पंचफुलाने विचारलं.

त्याला ठाऊक नव्हतं. नखाने उकलून पाहा, ती म्हणाली. फोनमध्ये त्याची पावलं ऐकू आली, मग साल खरवडल्याचा आवाज.

“चिकटून हाये,” तो म्हणाला.

“मंग आता डोळा धरत नाई. त्यायचं पानी तोडू नका. पावसाळ्यात साल सुटन, तवा कोणाले बोलावता ते पाहा.”

तिला वाईट वाटलं ते खुंटांचं. बियांपासून तिनेच वाढवली होती ती. कुलदीप पुढे काहीतरी बोलत होता, पण तिने फोन बंद केला आणि दामिनीच्या ओळीकडे वळली. दोन पट्ट्या ढिल्या होत्या. तिने त्या सोडून पुन्हा बांधायला लावल्या.