चिनी मातीच्याच बशा

मेधाला बशा फोडायच्या होत्या, आणि त्याही चिनी मातीच्याच. मराठी मंडळाच्या कार्यक्रमात ती एक मूकनाट्य करणार होती: नवी मोलकरीण घर आवरायला येते आणि होत्याचं नव्हतं करून ठेवते. शंभर वर्षांपूर्वीच्या फ्रेंच मूकपटांत असला धुमाकूळ भरपूर.

ते मूकपट घरात आले सासऱ्यांमुळे. अप्पांचा जन्म जहाजांच्या इंजिनरूममध्ये गेला आणि कान तिथेच राहिले. परदेशात मुलाकडे, टॅम्पिनीसच्या फ्लॅटमध्ये, ते दिवसभर गप्प असत. सगळे हसले की इकडेतिकडे बघून तेही हसत, जरा उशिरानेच. एकदा मेधाने लॅपटॉपवर सहज एका फ्रेंच मोलकरणीचा असाच मूकपट लावला, आणि अप्पा डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. मंडळाचा एक तरी कार्यक्रम अप्पांना अख्खा कळला पाहिजे, हे मेधाने तेव्हाच ठरवलं.

"स्टीलची ताटं घ्या की," मंडळाचे निशिकांत म्हणाले. "मस्त आवाज होईल. हॉलमध्ये तुकडे कोण झाडणार?"

"आवाज घेऊन काय करू? फुटलेलं दिसलं पाहिजे. तुकडे मी झाडेन."

"आणि तुला लागलं तर?" नवरा प्रताप म्हणाला.

"जाड बूट घालते."

ऐकेल ती मेधा कसली!

कार्यक्रमात बशा धडाधड फुटल्या. लोक पोट धरधरून हसत होते. शेवटी, ठरल्याप्रमाणे, मेधा बाजूच्या सतरंजीवर पाय घसरून दाणकन आपटली. पडल्यापडल्या तिने पहिल्या रांगेकडे पाहिलं. अप्पा हसत नव्हते. ते धडपडत स्टेजवर येत होते.

"लागलं का गं?" त्यांनी ओरडून विचारलं. लोकांना तोही नाटकाचाच भाग वाटला.

मेधाला रडूच यायचं बाकी होतं. ज्यांच्यासाठी एवढा आटापिटा केला, त्यांनाच घाबरवून ठेवलं! पण मूकनाट्यात बोलायचं नाही म्हणजे नाही. तिने मान हलवली आणि एक डोळा मिचकावला.

अप्पा वळले. समोर माणसं एकमेकांच्या अंगावर कोसळत होती, डोळे पुसत होती. काय झालं, हे त्यांना कुणाला विचारावं लागलं नाही.

टेबलावर एक बशी उरली होती. अप्पांनी ती उचलली, सदऱ्याला पुसली, उजेडात धरून नीट पाहिली आणि खाली सोडून दिली.

सगळ्यांच्या आधी तेच हसले.