नीलम या वेळी मरत नाही

ग्वाल्हेरच्या जयेंद्रगंजातली नीलम सिनेमात काम करते हे सगळ्या गल्लीला माहीत होतं, आणि ती प्रत्येक सिनेमात मरते हेही. कधी विहिरीत, कधी लिफ्टमध्ये, एकदा तर चक्क कपाटात. भुताखेतांचे आणि खुनाखुनीचे ते छोटे सिनेमे. ओळखीपाळखीच्या घरांत, उसन्या दिव्यांवर व्हायचे आणि लोक ते मोबाइलवर बघायचे. अशा सिनेमात एक बाई लवकर मरावी लागते, त्याशिवाय म्हणे भीती जमत नाही. ती बाई म्हणजे नीलम. आधी कॉलेजातली मुलगी होऊन मेली, मग नवी नवरी होऊन, मग कुणाची तरी वहिनी होऊन. चाळिशी जवळ आली तशी शेजारीण होऊन मरायला लागली. बढती म्हणावी तर एवढीच.

हळदीकुंकवाला बायका विचारत, "काय गं, या खेपेला कशानं गेलीस?" आणि खो खो हसत. नीलमही हसायची. घरी आल्यावर मात्र तिचा तिळपापड व्हायचा. हिरो मेला तर त्याचा सूड घ्यायला अर्धा सिनेमा खर्ची पडतो. आपण मेलो की पुढच्याच दृश्यात लोक चहा पीत बसलेले असतात! जीव तोडून काम करायचं आणि ओळख काय, तर 'ती किंचाळणारी'.

तिची आई विजयाबाई हे सिनेमे बघतच नसत. पोटच्या पोरीला मरताना बघायचं आणि वर त्याला करमणूक म्हणायचं, हे त्यांच्या डोक्यात शिरत नव्हतं. नीलमचा नवा सिनेमा आला की त्या मीठमोहऱ्या घेऊन तिची दृष्ट तेवढी काढायच्या.

म्हणून दिल्लीचा अंशुल नवी गोष्ट घेऊन आला तेव्हा नीलमनं सगळ्यात आधी शेवट विचारला. बंद पडलेल्या गिरणीत एक बाई अडकते, तिच्यामागे एक खुनी लागतो, आणि पहाटे ती एकटी जिवंत बाहेर येते. सिनेमाभर तीच. अंशुल म्हणाला, "आप मेरी हीरोइन हैं, नीलमजी." इतक्या वर्षांत तिला हे कुणी म्हटलं नव्हतं. तिनं हजिऱ्याकडची एक जुनी गिरणी शोधून दिली, परवानगीसाठी स्वतः चपला झिजवल्या, आणि सगळ्या युनिटचं दुपारचं जेवण विजयाबाईंनी आपल्या स्वयंपाकघरातून पाठवलं.

"या वेळी तर वाचतेस ना?" डबे भरता भरता विजयाबाईंनी विचारलं.

"वाचते आई. शेवटपर्यंत मीच आहे."

"मग मी बघेन. पहिल्या लायनीत बसून बघेन, पक्की बात."

शूटिंगचा शेवटचा दिवस उजाडला. गिरणीच्या खिडक्यांना काळं कापड ठोकून भरदुपारी रात्र केली होती. अंशुल हसत हसत नीलमजवळ आला. म्हणाला, "आज दो एंड कर लेते हैं. पहले मरने वाला, बस ऑप्शन के लिए. फिर ज़िंदा वाला." हे 'ऑप्शन' प्रकरण नीलमला नवं नव्हतं. छोट्या सिनेमात दोन शेवट घेऊन ठेवायची पद्धत असते. पण त्यातही एक क्रम असतो: आधी कोरड्या कपड्यातलं काम, रक्ताचं सगळ्यात शेवटी. साखरेच्या पाकात कालवलेलं ते रक्त एकदा कापडाला लागलं की जन्मात निघत नाही.

ती कपडे सांभाळणाऱ्या शांताताईंकडे गेली. सिनेमाभर तिच्या अंगावर एकच पिवळा छापील कुर्ता होता. तसे तीन घेतलेले.

"ताई, दुसरा कुर्ता काढून ठेवा. रक्ताच्या सीननंतर लागेल."

"दुसरा कुठला? दोन तर पळापळीच्या सीनमध्ये फाटले," शांताताई म्हणाल्या. "मी अंशुलजींना बोललेही होते की अजून एक मागवू का. म्हणाले, ज़रूरत नहीं."

नीलम जागच्या जागी उभी राहिली. ज़रूरत नहीं! म्हणजे रक्त लागल्यावर जिवंत बाईचा सीन घ्यायचाच नव्हता. ऑप्शन वगैरे सगळी थाप होती. तिला या सिनेमातही मारायचं हे कुर्ते फाटले तेव्हाच ठरलं होतं, आणि तरी हा माणूस रोज तिच्या आईच्या हातच्या पोळ्या खात होता.

ती तडक त्याच्यासमोर गेली. "कुर्ता एक ही है, अंशुल. तो ज़िंदा वाला सीन किस में करूँगी?"

तो ओशाळलासुद्धा नाही. "देखिए, ख़रीदने वालों को शॉक चाहिए. औरत बचती है तो लोग भूल जाते हैं. मरती है तो याद रखते हैं."

"कौन याद रखता है? मुझे तो किसी ने नहीं रखा."

"अरे, आप मरती कितना अच्छा हैं, नीलमजी! वो हुनर हर किसी के पास नहीं होता."

त्याच्या थोबाडीत द्यावी असं तिला वाटलं, आणि त्यात तिचं काहीही चुकत नव्हतं. पण दिली असती, निघून गेली असती, तरी काय होणार होतं? तोच कुर्ता दुसऱ्या कुणाला तरी घालून, पाठमोरी पाडून, अंशुलनं काम भागवलं असतं. नीलमनं उमेदवारीच्या काळात दुसऱ्यांसाठी असं पाठमोरं मरून घेतलंच होतं. ती गेली तरी सिनेमातली बाई मरणार आणि वर तिचंच नाव लागणार. म्हणजे जाऊन चालणार नव्हतं.

आणि मग तिच्या लक्षात आलं की एकच कुर्ता असणं ही जशी तिची अडचण होती, तशी अंशुलचीही होती. रक्त एकदाच सुटणार. त्या एका वेळात कॅमेऱ्यासमोर जे होईल, तोच शेवट.

"ठीक है," ती म्हणाली. "करते हैं."

खुन्याचं काम पुष्कर करत होता, ग्वाल्हेरच्याच नाटकमंडळीतला. कॅमेरा गोविंदच्या खांद्यावर. अंशुल 'ॲक्शन' म्हणाला. पुष्कर रबरी सुरा घेऊन धावत आला, वार झाला, कुर्त्याखालच्या नळीतून रक्त फुटलं आणि नीलम यंत्रापाशी कोसळली. आता डोळे उघडे ठेवून निपचित पडायचं होतं. पण निपचित होण्याआधीच, पुष्कर वळला तसा तिनं त्याचा पाय धरून खसकन ओढला. तो दाणकन आपटला. तिनं सुरा हिसकावला, त्याच्या छातीवर गुडघा रोवला आणि ओरडली. नेहमीची ती बारीक, घाबरलेली किंकाळी नव्हे. घरंदाज बाईनं चारचौघांत ओरडू नये असं, पोटातून ओरडली. पुष्कर जातिवंत नट. दिग्दर्शक 'कट' म्हणेपर्यंत थांबायचं नाही हे त्याच्या अंगात मुरलेलं. त्यानं झटापट केली, आणि सुऱ्याचा वार बसल्यावर मान टाकली.

अंशुल आ वासून बघत होता. 'कट' म्हणावं तर एकुलता कुर्ता रक्तानं माखलेला, हातात काहीच उरणार नव्हतं. नीलम उठली. धडपडत दारापर्यंत गेली, दाराचं काळं कापड तिनं दोन्ही हातांनी ओढून काढलं आणि उन्हात चालायला लागली. गोविंद तिच्या मागे मागे आवारापर्यंत गेला.

"ये क्या किया आपने?" अंशुल किंचाळला. "पूरी फ़िल्म का सत्यानाश! आगे कौन काम देगा आपको?"

नीलम तो रक्ताळलेला कुर्ता अंगावर तसाच ठेवून घरी निघून गेली.

सत्यानाश वगैरे काही झाला नाही. दुसरं काही हाताशी नव्हतं, म्हणून अंशुलनं तोच शेवट ठेवला, आणि लोकांनी तोच डोक्यावर घेतला. उठणारी ती बाई आणि अंगावर येणारं ते ऊन, यांच्यावर लेख आले. महोत्सवात बक्षीस मिळालं. मुलाखती अंशुलच्या झाल्या.

पुढे ग्वाल्हेरात गोरखीजवळच्या एका सभागृहात खेळ लागला. विजयाबाई ऐटीत पहिल्या रांगेत बसल्या, सिनेमा संपेपर्यंत त्यांनी लेकीचा हात सोडला नाही, आणि संपल्यावर पदरानं डोळे पुसले. मग अंशुल मंचावर आला. कुणीतरी शेवटाबद्दल विचारलं.

"सच बताऊँ?" अंशुल माइकमध्ये हसला. "नीलमजी तो मरने को तैयार थीं. आदत पड़ गई थी बेचारी को. मैंने कहा, नहीं, मेरी फ़िल्म में औरत जिएगी. बड़ी मुश्किल से मनाया."

सभागृहानं टाळ्या वाजवल्या.

विजयाबाई लेकीकडे वळल्या. "असं झालं होतं?"

"नाही."

"मग बसली काय आहेस?"

नीलम उठली. मंचावर जाऊन तिनं अंशुलच्या हातातला माइक काढून घेतला.

"इन्होंने मुझे मार दिया था," ती म्हणाली. "मैं मरी नहीं."

एकच जल्लोष झाला. शिट्ट्या आल्या. लोकांना वाटलं, सिनेमातलंच वाक्य म्हणून दाखवतेय. अंशुल तर सगळ्यात जोरात टाळ्या वाजवत होता, आणि माइक परत घ्यायला त्यानं हातही पुढे केला.

नीलमनं माइक दिला नाही. टाळ्या पूर्ण थांबेपर्यंत ती थांबली.

"ये डायलॉग नहीं था," ती म्हणाली. "बैठिए. शुरू से बताती हूँ." आणि शांताताईंकडे मागितलेल्या त्या दुसऱ्या कुर्त्यापासून तिनं सांगायला सुरुवात केली.