सीटचे पैसे वेगळे

मी एक जुनी बेबी सीट आहे. मोटारीच्या मागच्या बाकावर पट्ट्यांनी आवळून बांधतात आणि जिच्यात लहान मुलाला बसवतात, ती मी. मित्रांनो, तुमच्यापैकी कुणी लहानपणी माझ्यासारख्या सीटमध्ये बसून भोकाड पसरलं असेल, कुणी तिच्या फटीत चॉकलेटचा कागद कोंबला असेल. त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. मला घोर लागला आहे तो वेगळाच, आणि तो सांगायला माझ्याकडे फार दिवस उरलेले नाहीत.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. वितळलेलं प्लास्टिक साच्यात गेलं, थंड झालं आणि माझी पाठ तयार झाली. एका बाईंनी तिच्यावर स्पंज बसवला, दुसऱ्या बाईंनी निळं कव्हर ओढलं, तिसऱ्या बाईंनी पाच पट्टे ओवून बक्कल खटकन लावून पाहिलं. मग मला खोक्यात घातलं आणि मी पोचले ती गाड्या भाड्याने देणाऱ्या एका ऑफिसात.

ऑफिस म्हणजे एक खोली, एक काउंटर आणि काचेबाहेर उभ्या असलेल्या सहा गाड्या. काउंटरमागच्या फळीवर माझी जागा होती. माझ्या शेजारी टपावर सामान बांधायचे दोर आणि एक हवा भरायचा पंप. समोरच्या भिंतीवर भला मोठा बोर्ड होता : ‘दिवसाला नऊशे फक्त!’ तो बोर्ड काचेतून वाचून लोक हसतमुखाने आत येत. मग काउंटरवरच्या मॅडम फॉर्म पुढे करत आणि एकेक आकडा सांगू लागत. डिपॉझिट किती, जास्त किलोमीटर झाले तर किती, दुसऱ्या माणसाने गाडी चालवली तर किती. हसू हळूहळू मावळत जाई. माझी पाळी सगळ्यात शेवटी यायची, तोवर गिऱ्हाईक अगदी रडकुंडीला आलेलं असायचं.

“बेबी सीट हवी का? तिचे दिवसाला दीडशे वेगळे.”

“छे, छे! मांडीवर घेईन मी.”

किती वेळा ऐकलं मी हे! मांडीवर बसलेली ती मुलं काचेतून दिसेनाशी होईपर्यंत मी त्यांच्याकडे बघत राहायची. ती धड पोचली की नाही, हे मला कधीच कळलं नाही. ज्यांनी मला नेलं, त्यांची मुलं मात्र माझ्यात गाढ झोपली. “हिच्यात बसलं की आमचं कार्टं एकदम शहाण्यासारखं वागतं हो,” असं एक आजी म्हणाल्या होत्या. ते कौतुक मी पुष्कळ दिवस पुरवून वापरलं. पण वर्षं गेली, कव्हर विटलं, आणि फळीवर माझ्या अंगावर जुन्या फाइलींचा गठ्ठा येऊन बसला.

अशात एका शुक्रवारी सकाळी एक कुटुंब आलं. बाबा घड्याळं दुरुस्त करायचे. आई शिवणाच्या क्लासमध्ये शिकवायची. आणि अडीच वर्षांची मुलगी, तिला सगळे बबडी म्हणायचे. बबडीच्या आजोबांचं, म्हणजे आईच्या वडिलांचं, खुब्याचं ऑपरेशन झालं होतं. ते गावी एकटेच राहायचे, त्यांना कायमचं आपल्या घरी आणायचं ठरलं होतं. बसच्या पायऱ्या त्यांना चढवणार नव्हत्या, म्हणून गाडी.

बाबांनी घरूनच हिशोब करून आणला होता. चौकोनी कागद, बारीक अक्षर. तीन दिवसांचे सत्तावीसशे, पेट्रोल पंधराशे, एकूण बेचाळीसशे.

“एवढेच ना हो, मॅडम?” त्यांनी विचारलं.

मॅडमनी इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. “मालक म्हणतात, विचारलं तरच सांगायचं, गिऱ्हाईक उगाच बिचकतं. तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. तीन हजार डिपॉझिट. रोजचे दीडशे किलोमीटर धरलेत, वर गेलात की किलोमीटरला दहा. भाड्यावर दहा टक्के कर. टाकी भरून देतोय, भरूनच आणायची. सोमवारी दहाच्या आत गाडी इथे, नाहीतर अख्ख्या दिवसाचं भाडं. नुकसानीचा विमा दिवसाला तीनशे, तो नाही घेतलात तर ओरखड्याचे पैसे डिपॉझिटमधून. आणि बेबी सीटचे दीडशे.”

बाबांच्या हातातलं पेन थांबलं. दोघं बाजूला सरकली ती नेमकी माझ्या फळीखाली, त्यामुळे कुजबूज मला ऐकू आली.

“डिपॉझिटला माझ्या बाबांच्या औषधांसाठी बाजूला ठेवलेल्या पैशांचं पाकीट आहे,” आई म्हणाली. “पण ते परत मिळायलाच हवं हं.”

“मिळेल गं. पण विमा आणि सीट, दोन्ही नाही परवडणार. सीट राहू दे. तू घे तिला मांडीवर.”

आई म्हणाली, “तुम्ही गचकन ब्रेक मारलात, तर मी स्वतःला सावरू की हिला धरू?”

बाबांनी बबडीकडे पाहिलं. ती पंपाच्या नळीत फुंकर मारत होती. “विमा नको. सीट द्या,” ते मॅडमना म्हणाले.

फाइलींचा गठ्ठा उतरला आणि मी गाडीत गेले. मित्रांनो, मला आनंद व्हायला हवा होता. पण विम्याच्या जागी मी आले होते. आता वाटेत गाडीला काही झालं, तर तो भुर्दंड माझ्यापायी, हे मला आणि बाबांना, दोघांनाही ठाऊक होतं.

तो प्रवास म्हणजे नुसती धाकधूक होती. बाबांची मान मला मागून दिसायची, ती ताठच्या ताठ. खडा उडून पत्र्याला लागला की ते विचारायचे, “ओरखडा पडला असेल का गं?” दर थोड्या वेळाने मीटर बघून आकडा पुटपुटायचे. जाऊन येऊन साडेचारशेच्या आत बसेल असा त्यांचा अंदाज होता. पण एका ठिकाणी पूल बंद होता, वळसा पडला, आणि त्या वळशाचा एकेक किलोमीटर त्यांनी मोठ्याने मोजला. टोलनाके तर त्यांच्या कागदात नव्हतेच. बबडीने बिस्किट खायला घेतलं, तर ओरडले, “सांडू नकोस! गाडी घाण झाली तर धुण्याचे पैसे घेतात.” बबडीने घाबरून अख्खं बिस्किट तोंडात कोंबलं आणि चुरा सगळा माझ्या अंगावर पडला.

रविवारी परतताना आजोबा पुढे बसले होते. निघाल्यापासून ते बाबांचं पुटपुटणं ऐकत होते. शेवटी म्हणाले, “जावईबापू, श्वास घेतला तर चालेल ना? की त्याचेही वेगळे?”

आई खदखदून हसली. बाबाही हसले, तीन दिवसांत पहिल्यांदाच. आणि अगदी त्याच वेळी, उजवीकडच्या गल्लीतून पाण्याच्या बाटल्यांनी भरलेली हातगाडी उतारावरून सुसाट खाली आली. तिच्यामागे तिचा मालक ओरडत पळत होता.

बाबांनी करकचून ब्रेक मारला आणि गाडी डावीकडे घेतली. हातगाडी निसटून गेली. आमची गाडी मात्र घसरत जाऊन कडेच्या दगडी खांबावर धाडकन आपटली. बबडीचं सगळं वजन एका झटक्यात पुढे गेलं. पट्टे ताणले. मी माझ्या पाठीतली होती नव्हती तेवढी ताकद लावून तिला धरून ठेवलं. आत कुठेतरी कट् असा बारीक आवाज झाला, तो फक्त मलाच ऐकू आला.

मग बबडीने जे रडायला सुरुवात केली, ते ऐकून आईच्या जिवात जीव आला. समोरच्या बाकावर आपटून आईचा खांदा चांगलाच शेकला होता. तो चोळत चोळत ती बबडीचे हातपाय चाचपत राहिली. आजोबांनी छातीवरचा पट्टा सोडवत विचारलं, “पोर ठीक आहे ना? मग झालं तर.”

बाबा उतरून पुढे गेले. बंपरला वीतभर पोचा आला होता आणि रंग उडाला होता. त्यांनी त्यावरून हात फिरवला. औषधांचं पाकीट त्यांच्या डोळ्यांपुढे आलं असणार.

सोमवारी सकाळी घराखाली ते माझी साफसफाई करायला बसले. धुण्याचे पैसे तरी वाचवावेत, म्हणून त्यांनी माझं कव्हर काढलं, बिस्किटाचा चुरा झटकला, आणि झटकता झटकता थांबले. घड्याळातल्या केसाएवढ्या भेगा शोधणारी नजर ती. माझ्या पाठीवर वरपासून खालपर्यंत एक बारीक चीर पडली होती. मित्रांनो, आमच्या पाठीने असा दणका एकदाच झेलायचा असतो. चीर पडली की पुढच्या वेळी ती दुभंगणार आणि आतल्या मुलाला धरून ठेवणार नाही.

बाबांनी आईला खाली बोलावलं आणि चीर दाखवली.

“सांगितलं तर हिचीही किंमत लावतील,” ते म्हणाले.

“आणि नाही सांगितलं तर?”

बाबांनी कव्हर पुन्हा चढवलं. चीर झाकली गेली.

दहाला आठ मिनिटं कमी असताना आम्ही ऑफिसात पोचलो. मॅडमनी बंपर पाहिला, मीटर पाहिलं, टाकीचा काटा पाहिला. मग माझ्या कव्हरवरून नजर फिरवून फॉर्मवर लिहिलं, ‘सीट ठीक.’ बंपरचे अठराशे, जास्तीच्या बेचाळीस किलोमीटरचे चारशे वीस. तीन हजारांतले उरलेले सातशे ऐंशी त्यांनी बाबांच्या हातावर ठेवले आणि मला उचलून फळीवर टेकवलं. “बरं झालं वेळेत आलात. बारा वाजता एक बाई येणार आहेत, दीड वर्षांचा मुलगा आहे त्यांना. सीट हवीच म्हणाल्यात.”

बाबा आणि आई दारापर्यंत गेली. मी त्यांच्या पाठीकडे बघत होते. ओरडायला मला तोंड नव्हतं. दीड वर्षांचा मुलगा, बारा वाजता.

दारातून बाबा मागे वळले. “मॅडम, ती सीट जरा खाली घ्या.”

त्यांनी स्वतःच कव्हर काढून चीर दाखवली. मॅडमचा चेहरा उतरला. त्यांनी मालकांना फोन लावला. मालकांचा आवाज एवढा मोठा, की सगळ्यांनाच ऐकू आला : “बारीकच आहे ना? मग कव्हर घाल आणि ठेव. कुणाला दिसतंय? त्यांच्याकडून काही घेऊ नकोस, जाऊ दे त्यांना.”

मित्रांनो, मला वाटलं, आता हे सुटले. पैसे भरावे लागणार नव्हते, खरं बोलूनही झालं होतं. कुणीही असतं तर मनातल्या मनात देवाचे आभार मानून निघालं असतं. बाबाही घुटमळले. त्यांनी खिशावर हात ठेवला. खोटं कशाला सांगू? त्या घटकेला माझा त्यांच्यावर भरवसा नव्हता.

“विकत द्या मला ती,” ते म्हणाले.

“काय?”

“सीट. विकत देता का, विचारा.”

मालकांनी बाराशे सांगितले. बाबांनी आईकडे पाहिलं. आईने पर्स उघडली, चारशे वीस काढले आणि आत्ताच परत मिळालेल्या सातशे ऐंशींवर ठेवले. मॅडमनी पैसे मोजले नाहीत. खण उघडून त्यांनी मोठी कात्री काढली आणि मुकाट्याने बाबांपुढे धरली. बाबांनी माझे पाचही पट्टे एकेक करून कापले. त्यांना वाटलं असेल, मला दुखत असेल. कित्येक वर्षांत मला इतकं हलकं वाटलं नव्हतं.

मॅडमनी लगेच त्या बाराच्या बाईंना फोन लावला. “सीट तुटली आहे हो. दुसरीकडून मिळवा, पण सीटशिवाय मुलाला नेऊ नका.”

घरी आल्यावर आईने तो चौकोनी कागद पुढ्यात घेतला आणि बेचाळीसशेच्या खाली एकेक आकडा मांडला. सीटचं भाडं, गाडीच्या आणि सीटच्या भाड्यावरचा कर, पेट्रोलचे वाढलेले दीडशे, टोलचे दोनशे चाळीस, किलोमीटर, बंपर. मग पेन अडलं. “हे बाराशे कशात लिहू?”

“गाडीच्या खर्चातच लिही,” बाबा म्हणाले.

बेरीज आली आठ हजार सातशे पंचाहत्तर. आजोबांच्या औषधांसाठी त्या महिन्यात बाबांनी दुकानातलं एक जुनं भिंतीवरचं घड्याळ विकलं. ते त्यांना फार आवडायचं.

आता मी त्यांच्या दुकानाच्या मागच्या बाजूला पडून आहे. भंगारवाला उद्या येणार आहे. मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तू तुम्हाला नेहमी विनवतात, आम्हाला टाकू नका, जपा. माझं मागणं त्याच्या अगदी उलट आहे. गाडी भाड्याने घेताना भिंतीवरचा आकडा वाचून खूश होऊ नका. सगळं धरून किती, हे सही करण्याआधी विचारा आणि खर्च कापायची वेळ आली तर मुलाच्या जागेवर काट मारू नका. बेबी सीट घ्याल तेव्हा कव्हर काढून तिची पाठ बघा.

आणि एक भीती माझी अजून जात नाही. भंगारातून उचलून कुणी मला धुईल, नवे पट्टे शिवेल, नवं कव्हर चढवेल, आणि मी पुन्हा छान दिसू लागेन. तसं झालं, तर मला मोडून टाका.