मर्टलच्या बुटांची धून

मी एक धून बोलतेय. मला हात नाहीत, पाय नाहीत, तोंडही नाही. तरी तुमच्या ओठांवर मी कितीदा तरी येऊन गेले असेन. मर्टल नावाचं बदकाचं पिल्लू मोठ्ठे गमबूट घालून टीव्हीवर चालत येतं ना, तेव्हा जी वाजते ती मी. साठी कधीच ओलांडली मी. पण माझा जन्म कार्टूनसाठी झालेलाच नाही, हे किती जणांना ठाऊक आहे?

मी जन्मले अमेरिकेतल्या ओकलंड शहरात, सातव्या रस्त्याच्या आसपास, तेही पायऱ्या चढता-चढता. अल्विन टॉलिव्हर पोस्टमन होता. खांद्याला टपालाची पिशवी आणि दिवसभर लोकांच्या घरांच्या पायऱ्या. त्या चढण्या-उतरण्यातून पियानोवरची माझी डाव्या हाताची चाल आली. वरचा सूर त्याला शिळेत सापडला. अंगणातली कुत्री अंगावर येऊ नयेत म्हणून तो आधीच शीळ घालत जायचा. इतकं साधं माझं कूळ.

रविवारी चर्च सुटलं की अर्धी वस्ती मिस ओडेसाच्या खानावळीत लोटायची. मिस ओडेसा लुईझियानाहून आलेली. तिचा तळलेला मासा झणझणीत आणि जीभ त्याहून. खानावळीच्या कोपऱ्यात एक पियानो होता, त्यावर अल्विन. ड्रमवर सॅल बेनेदेत्ती. आणि बासवर ड्यूई प्रुइट. बास म्हणजे माणसाहून उंच, बोटांनी तारा खेचून वाजवायचं वाद्य. ड्यूई त्याला मिठी मारूनच उभा असायचा. दुपारी दोन ते पाच हे तिघे वाजवायचे आणि लोक ताटावरून मान डोलवायचे.

जॅझवाल्यांचा एक हट्ट असतो. गेल्या रविवारी वाजवलं तसंच या रविवारी वाजवलं, तर त्यांना लाज वाटते. त्यामुळे मी दर आठवड्याला नवी असायचे. कधी रेंगाळायचे, कधी पळत सुटायचे. कागदावर मला कुणी उतरवलं नव्हतं. मला त्याचा केवढा तोरा होता! अल्विनला मात्र काळजी लागलेली.

"ड्यूई, उद्या ही खानावळ बंद झाली, आपण तिघे गेलो, की हिचं काय? अशी धून होती हेसुद्धा कुणाला कळायचं नाही."

"मग लिहून काढ ना."

"लिहिली की मेली ती."

"मग गुमान वाजव आणि माझं डोकं खाऊ नकोस."

एका रविवारी नॉर्मा हॅस्केल नावाची बाई तिथे मासे खायला आली आणि खाणं विसरून बसली. खाडीपलीकडे, सॅन फ्रान्सिस्कोतल्या एका लहानशा कार्टून स्टुडिओत ती काम करायची. पुढच्या रविवारी ती टेप रेकॉर्डर घेऊनच आली.

नेमका त्याच दिवशी घोटाळा झाला. वादकांनी जेवायला उठायचं नाही, ही मिस ओडेसाची शिस्त. ती ताटली पियानोवर आणून ठेवायची. "गरम आहे तोवर खा रे पोरांनो. सूर थंड झाले तर चालतील, मासा नाही." अल्विन एकटा माझी सुरुवात वाजवत होता, तेवढ्यात ड्यूईने एक तुकडा तोंडात टाकला. त्याची पाळी आली, त्याने तार धरली, आणि तेलकट बोट सटकलं! त्याने घाईघाईने हात पँटला पुसला. अल्विनने चाहूल घेऊन हात उचलले, सॅलने काड्या वर धरल्या. क्षणभर सगळं शांत. मग तिघेही हसू दाबत एकदम पुढे निघाले.

ती शांतता टेपवर गेली.

कार्टूनमध्ये आधी सूर आणि मग चित्रं. नॉर्मा टेप लावून एकेक ठोका मोजायची आणि कुठल्या ठोक्याला किती चित्रं ते लिहून काढायची. सेकंदाला बारा चित्रं, म्हणजे बघा! मोजता-मोजता ती त्या शांततेपाशी आली आणि खुर्चीतून उठलीच. "काय धाडस आहे या माणसांचं! भर चालीत थांबतात!" तिने तिथे मर्टलला बुटांत अडखळवलं, चोचीवर पाडलं आणि परत उभं केलं. ही माशाच्या तेलाची करणी आहे, हे तिला कोण सांगणार? सात आठवडे माणसं मान मोडून चित्रं काढत होती.

खानावळीतली टेप टीव्हीवर चालण्यासारखी नव्हती, तिच्यात कढईचा चरचराट होता. म्हणून तिघांना स्टुडिओत बोलावलं. कार्यक्रमाला पैसे पुरवणाऱ्या बिस्किट कंपनीचे एक साहेबही आले होते. पोरांना हे असलं संगीत कळत नाही, असं त्यांचं ठाम मत. बासऱ्या आणि घंट्यांची एक गोडमिट्ट धून त्यांनी तयारच ठेवली होती. पाच वाजेपर्यंत यांचं जमलं तर ठीक, नाहीतर ती लागणार.

तिघांनी मला वाजवलं. सुंदर वाजवलं, आणि अर्थातच नव्याने वाजवलं. नॉर्माचा चेहरा उतरला.

"तुम्ही थांबला नाहीत."

"कुठे?" अल्विन म्हणाला.

तिने टेप लावली. ती जागा आली आणि सॅल ड्रमवर डोकं टेकून हसू लागला. ड्यूई मात्र लाजून चूर झाला.

"बाई, ती चूक होती हो. बोटाला तेल लागलं होतं."

नॉर्मा मटकन खाली बसली. "मग तीच चूक परत करा. माझं पिल्लू तिथे पडतं."

"वीस वर्षं वाजवतोय मी! आता मुद्दाम उशीर करू?"

"कर ना रे बाबा," सॅल म्हणाला, "घरी जेवायला तर रोज करतोस."

पण कसली होतेय! ड्यूई मनात आकडे मोजायचा, तर मी खडखडीत वाजायचे. नाही मोजले, तर अंगवळणी पडलेलं बोट आपसूक वेळेवर यायचं. अकरा वेळा झालं. शेवटी सॅलने खानावळीत फोन केला आणि मिस ओडेसा बसने पूल ओलांडून डबा घेऊन आली. ड्यूईने साऱ्यांसमोर मासा खाल्ला, बोटं बरबटून घेतली आणि काटेकोर वेळेवर वाजवलं. "मेल्या, आता नेमका शहाणा झालास!" मिस ओडेसा कडाडली. साहेबांनी घड्याळ पाहिलं. साडेचार.

"राहू दे ड्यूई," अल्विन हळूच म्हणाला. "आपण खानावळीतलेच बरे." त्याने पियानोचं झाकण लावायला घेतलं. मी भ्याले. खोटं कशाला सांगू, त्याआधी मला मरणाची भीती कधी वाटलीच नव्हती.

तेवढ्यात नॉर्माने सिनेमाचा पडदा ओढत आणून ड्यूईच्या पुढ्यात उभा केला, दिवे घालवले आणि मर्टलची फिल्म लावली. "मोजू नका. फक्त हिच्याकडे बघा."

आणि मी पहिल्यांदा मर्टलला पाहिलं! तोवर मी फक्त हवेत असायचे. निघाले की विरले. आणि इथे एक इवलंसं पिल्लू माझ्यावर पाऊल टाकत चाललं होतं. माझ्या ठोक्याला त्याचा बूट पडत होता, माझ्या सुराला त्याची मान वळत होती. मला रूप होतं! कितीतरी अनोळखी हातांनी, मला न भेटता, माझं चालणं कागदावर काढलं होतं. मी थक्क झाले. आजही तो क्षण आठवला की माझा सूर कापतो.

मर्टल अडखळली. धप्पकन चोचीवर पडली. ड्यूई वाजवायचंच विसरला. पुढे वाकून, अगदी घरातल्या लेकराशी बोलावं तसा तो म्हणाला, "ऊठ गं बाळा, ऊठ." ती उठली. आणि त्याच्या बोटाने आपणहून तार छेडली.

"हेच!" नॉर्मा ओरडली.

त्याच्या बोलण्याने ते रेकॉर्डिंग वाया गेलं. पुढच्या वेळी त्याने ओठ घट्ट मिटून घेतले आणि पाचला पाच मिनिटं कमी असताना मी टेपवर पक्की झाले. आता ती चूक उरली नव्हती. ड्यूई एका पिल्लासाठी थांबत होता.

मी टीव्हीवर लागले त्या गुरुवारनंतरची गंमत ऐका. अल्विन टपाल वाटत होता. एका ओसरीवर कुणी अनोळखी म्हातारा शीळ घालत रंग देत बसला होता. ती शीळ म्हणजे मी! त्या शांत जागेपाशी म्हाताऱ्याची शीळ बरोब्बर थांबली आणि मग पुढे गेली. अल्विन त्याचं पत्र हातात धरून तसाच उभा.

"काय झालं? वाईट बातमी आहे का?" म्हाताऱ्याने विचारलं.

"नाही हो," अल्विन म्हणाला, आणि डोळे पुसत पायऱ्या उतरला.

याची किंमत मीच मोजली. मी कायमची एकसारखी झाले. खानावळीत अल्विन मला वेगळं वाजवू गेला की पोरं ओरडायची, "मिस्टर टॉलिव्हर, चुकलं!" तो हसायचा. पुढे त्याने नवं करून बघणंच सोडलं. मला माझे ते रविवार फार आठवतात.

आज मी फोनमध्ये वाजते, आइस्क्रीमच्या गाडीवर वाजते. घाईची माणसं माझी ती शांत जागा कापून टाकतात. तेवढं करू नका, हात जोडते. म्हणजे हात असते तर जोडले असते. का म्हणते, ते सांगते.

ड्यूई गेला तेव्हा चर्चमध्ये उभं राहायला जागा नव्हती. त्याच्या ठिकाणी कुणीही बास वाजवायचा नाही, असं अल्विनने बजावलं होतं. केस पिकलेला अल्विन एकटाच पियानोशी बसला आणि त्याने मला सुरुवात केली. ती जागा आली. त्याने हात उचलले. सगळं चर्च श्वास रोखून थांबलं. मर्टल पडली होती, हे तिथे प्रत्येकाला दिसत होतं. मग ती उठली, आणि जिथे ड्यूईचं बोट पडायचं तिथे शेकडो पाय एकदम जमिनीवर पडले. कुणी मोजलं नव्हतं, कुणी खूण केली नव्हती. टोपीवाल्या आज्या, पोस्टातली माणसं, नॉर्मा, सॅल, सगळे पायांनी ड्यूईची चाल चालत होते आणि वरचा सूर गुणगुणत होते.

अल्विनचे हात हवेतच होते. त्याने ते हळूच मांडीवर ठेवले. मी चालतच राहिले.